दार चुकलं की जमीन गेली



कोर्टाच्या आवारात आपली माणसं लांबूनच ओळखू येतात. पहिल्या एसटीनं आलेली, फडक्यात भाकर बांधलेली, कडेला सावली बघून उकिडवी बसलेली. पुकारा झाला तर चुकायला नको म्हणून कोणी पाणी प्यायलासुद्धा उठत नाही. दुपारी कोणीतरी येऊन सांगतं, "पुढची तारीख पडली." आपण विचारलं, कसली तारीख? तर म्हणतात, "जमिनीची." दावा कोणी लावला, त्यात काय मागितलंय, कोर्टानं काय हुकूम केलाय, काहीच ठाऊक नसतं. वकिलाला ठाऊक असतं, दलालाला ठाऊक असतं. ज्याची जमीन, त्यालाच ठाऊक नसतं.

मी वकील नाही. बारावी शिकलोय. पण गेली चार वर्षं मुरबाड आणि शहापूर तालुक्यांतल्या वाड्यांवरच्या माणसांबरोबर तलाठी, सर्कल, तहसील, प्रांत, मोजणी ऑफिस आणि कोर्ट यांच्या पायऱ्या चढतोय. त्यातून एक गोष्ट माझ्या मनात पक्की झाली, ती या अंकात लिहितो. आपण म्हणतो, "जमीन कोर्टात गेली." मी म्हणतो, पुष्कळदा जमीन कोर्टात जातच नाही. आपण चुकीच्या दारात उभे राहतो, आणि बरोबरचं दार बंद व्हायची वेळ येईपर्यंत तिथंच उभे राहतो. त्या चुकीच्या दारात आपल्याला आणून उभं कोण करतं, हे आज उघड बोलायचं आहे.

दोन हात बांध आणि दोन एकर जमीन

आमच्या घरचीच गोष्ट सांगतो. म्हणजे दुसऱ्याची उणीदुणी काढतो असं कोणाला वाटायला नको.

माझ्या आज्याचं दोन एकर खाचर आणि वर वरकसाचा माळ. आजा गेल्यावर बाबा आणि चुलता वाटून खाऊ लागले. वाटणी तोंडी, कागदावर काही नाही. एका पावसाळ्यात मधला बांध फुटला. दुसऱ्या वर्षी चुलत्यानं नांगर दोन हात अलीकडं आणला. बाबांनी दगड उचलून परत पलीकडं टाकला. शिव्यागाळी झाली, एकमेकांच्या घरचं लग्नाचं जेवण बंद झालं.

त्याच सुमाराला एक दलाल वाडीवर येऊ लागला. आधी चुलत्याच्या ओट्यावर बसला. "तुमच्यावर अन्याय होतोय, दावा लावा. वकील माझा, खर्च माझा." महिन्याभरानं तोच आमच्या ओट्यावर आला. "भावानं दावा लावलाय, तुम्ही पण वकील द्या. माझ्या ओळखीचा आहे." दोन्ही वकिलांचे पैसे एकाच खिशातून जात होते, हे दोघा भावांना फार उशिरा कळलं.

वकालतनामा म्हणून अंगठे घेतले. कोऱ्या स्टँपवर घेतले. त्यात एक कुलमुखत्यारपत्र निघालं, एक साठेकरार निघाला. साठेकरार दाखवून दलालाचा माणूस दाव्यात पक्षकार झाला. मग तिघांची तडजोड झाली असा कागद कोर्टात गेला, की दोघा भावांनी ताबा त्याला दिला. बाबा आजही सांगतात, "मला वाटलं बांधाचा निकाल लागला."

भात कापून झालं आणि सिमेंटचे खांब आले. खांबांना तार लागली. बाबा आणि चुलता दोघं धावत गेले. मग त्या माणसानं आमच्यावरच दावा लावला, की यांनी जमिनीत येऊ नये. समन्स आला होता. पेरणीचे दिवस होते, आईनं कागद कुडाला खोचून ठेवला. तारखेला कोणी गेलं नाही आणि एकतर्फी मनाई हुकूम झाला. सातबारावर नाव आमचं आणि तार त्याची. दोन हात बांधासाठी भांडणारे दोघे भाऊ आता कुंपणाच्या एकाच बाजूला उभे होते, बाहेरच्या.

मग मी कोर्टातून कागदांच्या नकला काढल्या. नक्कल काढायला फार मोठी विद्या लागत नाही. अर्ज द्यायचा, फी भरायची, आठवड्यानं परत जायचं. रोजनामा वाचला, तडजोडीचा कागद वाचला, साठेकरार वाचला. घेणारा बिगरआदिवासी. कलेक्टरच्या परवानगीचा एक शब्द कुठंही नाही. तेव्हा डोक्यात उजेड पडला की इतकी वर्षं आपण ज्या दारात डोकं आपटतोय, ते या भांडणाचं दारच नाही.

बिगरआदिवासीनं घेतलेली जमीन: दार महसूल खात्याचं

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ ची. तिच्यात कलम ३६ आणि ३६ अ ही दोन कलमं आहेत. ती पाठ करा. आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला विकता येत नाही, बक्षीस देता येत नाही, अदलाबदल, गहाण, भाडेपट्टा काहीही करता येत नाही. पाच वर्षांपर्यंतच्या गहाण-पट्ट्याला कलेक्टरची आधी परवानगी पाहिजे. बाकी सगळ्या व्यवहारांना कलेक्टरची परवानगी पाहिजे आणि तिला सरकारची आधी मंजुरी पाहिजे. आणि नीट ऐका, दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या बजावणीत जी विक्री होते, तीसुद्धा या बंदीत धरली आहे. म्हणजे कोर्टाचा शिक्का मारून आणला तरी परवानगीशिवाय आदिवासीची जमीन पचत नाही.

पुढचं कलम ३६ क. त्यात सांगितलंय की ज्या प्रश्नाचा निर्णय या कलमांखाली कलेक्टरनं करायचा, तो दिवाणी कोर्टानं करायचा नाही. मग आपला दलाल आपल्याला दिवाणी कोर्टात का नेतो? कारण तिथं हा प्रश्न कोणी काढला नाही तर तो निघतच नाही. कोर्ट समोर आलेल्या कागदावर चालतं. आपण बोललो नाही, तर कोर्टाला कसं कळणार की अंगठा देणारा आदिवासी आहे आणि घेणारा नाही?

आणखी एक गोष्ट. या कलमांखालच्या चौकशीत वकिलाला उभं राहायला कायद्यानंच मनाई केली आहे. आदिवासीनं स्वतः बोलायचं आणि समोरच्यानंही स्वतः बोलायचं. पैसेवाल्याचा मोठा वकील तिथं चालत नाही. या दारात आपण आणि तो एका पायरीवर असतो. म्हणूनच तो आपल्याला त्या दारापासून लांब ठेवतो.

जुन्या व्यवहारांसाठी वेगळा कायदा आहे, आदिवासींच्या जमिनी परत करण्याचा १९७४ चा कायदा. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात बिगरआदिवासीकडं गेलेल्या जमिनी परत देण्यासाठी तो केला. जमीन स्वतः कसायची हमी द्यायची. आकाराच्या ४८ पट किंवा खरेदीची रक्कम, यांतलं जे कमी असेल ते आणि त्यानं केलेल्या सुधारणांची किंमत द्यायची, तीही हप्त्यांनी देता येते. हा कायदा मोडीत काढायला जमीनवाले सुप्रीम कोर्टापर्यंत गेले. लिंगप्पा पोचन्ना अप्पेलवार विरुद्ध महाराष्ट्र सरकार असा तो खटला. १९८४ साली सुप्रीम कोर्टानं कायदा कायम ठेवला, आणि वकिलांना मनाई करणारं कलमसुद्धा कायम ठेवलं. म्हणजे देशातल्या सगळ्यात मोठ्या कोर्टानं सांगितलंय की हे दार आदिवासीचं आहे. तरी आपण त्याच्यासमोरून एसटीत बसून पुढं जातो.

मुरबाडच्या वाड्यांसाठी एक खास सांगतो. शहापूर तालुका पूर्ण अनुसूचित क्षेत्रात आहे. मुरबाडची काही गावं आहेत, काही नाहीत. त्याचा फायदा घेऊन दलाल सांगतात, "तुमचं गाव अनुसूचित क्षेत्रात नाही, तुम्हाला तो कायदा लागू नाही." हे साफ खोटं आहे. कलम ३६ अ आदिवासी माणसाच्या जमिनीला लागू आहे, गाव कुठल्या यादीत आहे त्यावर नाही. जातीचा दाखला काढून ठेवा, म्हणजे या खोट्याला जागा उरणार नाही.

कुळाची जमीन: दार तहसीलदाराचं

आपल्याकडं अजून कितीतरी घरं अशी आहेत, की पिढ्यान्‌पिढ्या कसतात आणि सातबारावर नाव सावकाराच्या नातवाचं. कूळकायदा १९४८ चा. १ एप्रिल १९५७ या दिवशी जो कूळ म्हणून कसत होता, तो जमिनीचा खरेदीदार मालक मानला गेला. नंतर कलम ३२ ग ची किंमत ठरायची, ती भरून ३२ म चं सर्टिफिकेट मिळायचं. किती जणांची किंमत ठरली आणि सर्टिफिकेट आलंच नाही! सर्टिफिकेट आलं तर सातबाऱ्यावर नोंद झाली नाही!

आता तो नातू शहरातून येतो, भाव वाढलेला बघतो आणि दिवाणी कोर्टात दावा लावतो की हा माणूस अतिक्रमणदार आहे, याला हाकला. तिथं आपण काय सांगतो? "साहेब, आम्ही गरीब आहोत." तसं सांगू नका. "साहेब, मी कूळ आहे" असं सांगा. ते लेखी जबाबात लिहून द्या. कूळ आहे की नाही हे ठरवायचा अधिकार दिवाणी कोर्टाला नाही. कूळकायद्याच्या कलम ८५ अ प्रमाणे कोर्टाला तो मुद्दा तहसीलदाराकडं पाठवावा लागतो. हा एक शब्द न लिहिल्यामुळं घरं बसलीत.

बांधाचं भांडण: दार मोजणीचं

भावाभावाचं, शेजाऱ्याशेजाऱ्याचं बांधाचं भांडण हे दलालाचं बियाणं आहे. त्यातूनच त्याचं पीक येतं. म्हणून हे कडक लिहितो. आदिवासीनं आदिवासीवर बांधासाठी दिवाणी दावा लावू नये.

कारण सरळ आहे. असा दावा लागला तरी शेवटी कोर्ट काय करतं? कोर्ट कमिशनर नेमतं, आणि बहुतेक वेळा तो मोजणीखात्याचाच माणूस असतो. तो येतो, गावनकाशा, टिपण आणि गटबुक काढून मोजतो. म्हणजे वर्षानुवर्षं तारखा खाऊन ज्या माणसापर्यंत पोचायचं, त्याच्याकडं आपण पहिल्या दिवशी जाऊ शकतो. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात दोघांनी मिळून मोजणीचा अर्ज टाका, फी निम्मी निम्मी भरा. मोजणीच्या दिवशी चारी बाजूंचे शेजारी हजर ठेवा. खुणा दाखवतील तिथं लगेच दगड रोवा. मोजणीचा 'क' प्रतीचा नकाशा घरात ठेवा, कुडात नको. मोजणी पटली नाही तर वरच्या अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी मागता येते. जिथं एकत्रीकरणात सर्व्हे नंबरांचे गट झाले, तिथं जुना नंबर आणि नवा गट ताडून बघा. पुष्कळ ठिकाणी बांध बरोबर आहे आणि कागद चुकलाय.

तोंडी वाटणी असेल आणि सगळे हिस्सेदार राजी असतील, तर तहसीलदाराकडं अर्ज करून ती वाटणी सातबाऱ्यावर आणता येते. त्याला दिवाणी कोर्टाची गरज नाही. आमच्या बाबा-चुलत्यानं हे आधी केलं असतं, तर दलालाला ओट्यावर बसायला जागाच मिळाली नसती.

जंगलातला प्लॉट: दार ग्रामसभेचं

वनजमिनीचं भांडण तर कुठल्याच कोर्टात सुरू होत नाही, ते ग्रामसभेत सुरू होतं. वनहक्क कायदा २००६ चा, नियम १ जानेवारी २००८ पासून लागू. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून आदिवासी कसत असेल, तर प्रत्यक्ष कसतो तेवढी, जास्तीत जास्त चार हेक्टर. दाव्याची चौकशी वनहक्क समितीनं करायची, ठराव ग्रामसभेनं करायचा, मग प्रांताची उपविभागीय समिती, मग कलेक्टरची जिल्हा समिती. ग्रामसभेचा किंवा उपविभागीय समितीचा ठराव विरोधात गेला तर ६० दिवसांत वर दाद मागायची. आणि दाव्याची तपासणी पुरी होईपर्यंत कोणालाही प्लॉटवरून काढता येत नाही.

पण इथंही आपण कागद नाही म्हणून तोंड लपवतो. नियम सांगतो की पुरावा फक्त कागदाचा नसतो. घर, झोपडी, बांध, सपाट केलेली खाचरं हाही पुरावा. दावेदार सोडून वाडीतल्या दुसऱ्या वडीलधाऱ्या माणसाचा लेखी जबाब हाही पुरावा. एकापेक्षा जास्त पुरावे लावायचे, एवढंच. आणि वनखात्यानं ज्या पावत्या फाडून आपल्याला गुन्हेगार ठरवलं, आपल्या बापाला दंड केला, त्या जपून ठेवा. कुठल्या साली तुम्ही त्या जागेवर होता, हे त्यांनीच लिहून दिलंय.

या जबाबांसाठी आपण फक्त म्हाताऱ्या बापयांना बोलावतो, ही चूक आहे. हद्द बायांना जास्त ठाऊक असते. राबासाठी पाला कुठून तोडला, नाचणी-वरई कुठल्या उतारावर केली, मोह कोणाच्या वाट्याचा, कुठला दगड आधी होता आणि कुठला नंतर आला, हे आपल्या आज्यांना विचारा. हद्द त्यांच्या पायाखालची आहे. वनहक्काच्या पट्ट्यावर नवरा-बायको दोघांचं नाव लागतं, असं कायदाच म्हणतो. तरी दावे भरताना बाईचं नाव राहून जातं. ते राहू देऊ नका.

मग दिवाणी कोर्टात जायचंच नाही का?

असं मी म्हणत नाही. कधी कधी जावंच लागतं. कोणी अंगावर येऊन आपला ताबा उठवला, तर सहा महिन्यांच्या आत ताबा परत मागायचा दावा लावता येतो, त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही. तसाच अर्ज सहा महिन्यांच्या आत मामलेदार कोर्ट कायद्याखाली तहसीलदाराकडंही करता येतो. सहा महिने म्हणजे एक पावसाळा आणि थोडे दिवस. वाट बघत बसलात तर गेले. पोकलेन उभा राहिला असेल तर मनाई हुकूम मागायला कोर्टातच जावं लागतं.

आणि आपल्याला कोर्टात खेचलं असेल, तर तिथं गेलंच पाहिजे. समन्स घ्यायचा, त्यावरची तारीख कोणाकडून तरी वाचून घ्यायची आणि हजर राहायचं. "दार चुकलंय" हे सांगायलासुद्धा त्या दारात जावं लागतं. घरी बसून सांगितलं तर एकतर्फी होतं. एकतर्फी हुकूमनामा झाला असेल तर तो उठवायचा अर्ज ३० दिवसांत करा.

वकिलाला पैसे कुठून आणायचे? १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे आदिवासीला वकील फुकट मिळतो, उत्पन्न कितीही असो. तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समिती असते, तिथं साध्या कागदावर अर्ज करायचा. दलाल "वकील माझा, खर्च माझा" म्हणाला, तर त्याला सांगा, आम्हाला सरकार वकील देतं, तुझा तुझ्याकडं ठेव. जो आपला खर्च करतो, तो आपली जमीन मोजूनच खर्च करतो.

आपल्यातल्याच दोन बोलण्यांना उत्तर

पहिलं बोलणं म्हाताऱ्यांचं. "कोर्ट-कचेरी मोठ्यांची. आपल्याला काय कळतंय. नशिबात असेल ते होईल." आजा-आजीबद्दल मान ठेवून सांगतो, हे बोलणं आपलं नाही, सावकारानं आपल्या तोंडात घातलेलं आहे. इंग्रजांच्या काळात कर्ज, व्याज, खत, डिक्री, लिलाव, असंच आपलं शेत त्यांच्याकडं गेलं. ठाणे जिल्ह्यातल्या आदिवासींचं कर्ज आणि वेठ यांवर १९३८ साली सिमिंग्टन नावाच्या सरकारी अधिकाऱ्यानं अहवाल लिहिला. म्हणजे सरकारला तेव्हाही ठाऊक होतं. पण वेठ मोडली ती अहवालानं नाही. १९४५ च्या जानेवारीत इथून जवळच टिटवाळ्याला किसान सभेचं अधिवेशन झालं, गोदावरी आणि शामराव परुळेकर त्यात होते. तिथं गेलेले वारली डहाणू-तलासरीकडं परत गेले आणि वेठीला नाही म्हणाले. त्यानंतर तीन वर्षांनी कूळकायदा आला. आदिवासीची जमीन वाचवणारं एकही कलम कोणी दयेनं दिलेलं नाही. आपल्या माणसांनी मार खाऊन मिळवलेलं कलम आपणच वापरायचं नाही, तर तो मार फुकट गेला.

दुसरं बोलणं माझ्या वयाच्या पोरांचं, आणि संघटनेतल्या काही साथींचंही. "कागद-बिगद कशाला? मोर्चा काढू, तार तोडू." आमच्या जमिनीची तार तोडायला माझे चार दोस्त कोयते घेऊन तयार होते. मीच आडवा आलो. त्याच्या हातात मनाई हुकूम होता. तार तोडली असती तर तो पोलिसांना घेऊन आला असता, आपली पोरं आत गेली असती आणि जमिनीचं प्रकरण फौजदारीचं झालं असतं. तेच त्याला पाहिजे होतं. मोर्चा पाहिजेच. मोर्च्यानं साहेबाचं दार उघडतं, अर्जावर आवक नंबर पडतो, बंद फाईल बाहेर निघते. पण मोर्चा परत गेल्यावर टेबलावर राहतो तो अर्जच. अर्जात गट नंबर चुकला असेल, तर हजार माणसांच्या घोषणांनी तो बरोबर होत नाही. आणि नुसता अर्ज दिला, मागं माणसं नसली, तर तो बासनात जातो. दोन्ही हात पाहिजेत. एका हातानं भात लावता येत नाही.

जमीनवाल्यांना आणि त्यांच्या दलालांनाही एक सांगायचं आहे, कारण हा अंक त्यांच्याही हाती पडतो. कल्याण-नगर रस्त्याच्या आणि नाशिक हायवेच्या दोन्ही बाजूंना फार्महाऊसचे बोर्ड लागलेत. त्यातल्या कुठल्या गटाच्या सातबाऱ्यावर आदिवासीचं नाव आहे, ते आम्ही उतरवून घेतोय. आदिवासीची जमीन बळकावणं आणि त्याला बेकायदा बेदखल करणं हा १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे. "आम्ही पैसे दिलेत" हे उत्तर नाही. ज्याला विकताच येत नाही त्याला पैसे दिलेत, तर ती तुमची चूक.

आता काय करायचं

पुढच्या बैठकीपर्यंत प्रत्येक वाडीनं एवढी कामं करायची आहेत.

एक. प्रत्येक घराचा सातबारा, आठ-अ आणि जमिनीवरचे सगळे फेरफार काढायचे. आदिवासी खातेदार असून कलम ३६, ३६ अ चा शेरा इतर हक्कात नसेल, तर तो लावायचा अर्ज तलाठ्याकडं द्यायचा आणि पोच घ्यायची. पोच नाही तर अर्ज दिलाच नाही, असं समजा.

दोन. नवा फेरफार पडला की तलाठ्याची नोटीस येते. हरकत १५ दिवसांत लेखी द्यायची. वाडीत ज्याला वाचता येतं त्यानं दर आठवड्याला चावडीवरच्या नोटिसा वाचून यायचं. बारावी-दहावी झालेल्या पोरापोरींनो, हे आपलं काम आहे.

तीन. घरात आलेला कुठलाही कोर्टाचा, कचेरीचा कागद कुडाला खोचायचा नाही. त्याच संध्याकाळी संघटनेच्या माणसाकडं आणायचा.

चार. कोऱ्या कागदावर, कोऱ्या स्टँपवर अंगठा द्यायचा नाही. लिहिलेल्या कागदावरसुद्धा तो दोन जणांकडून वाचून घेतल्याशिवाय द्यायचा नाही.

पाच. वाडीतली बांधाची भांडणं वाडीनं बसून मिटवायची. मिटत नसतील त्यांनी मिळून मोजणी मागायची. दलालाला ओट्यावर बसू द्यायचं नाही.

सहा. बिगरआदिवासीकडं गेलेल्या सगळ्या जमिनींची यादी करायची. गट नंबर, कधी गेली, कशी गेली, आता कोण कसतो. एकेकट्यानं अर्ज करायचा नाही, सगळ्यांचे अर्ज एकाच दिवशी तहसीलला द्यायचे.

आमच्या घरचं पुढं काय झालं, हे काही जण विचारतील. बाबा आणि चुलता एका चटईवर बसले, वाडीतल्या चार वडीलधाऱ्यांसमोर बांधाचा दगड ठरवला. त्या दगडापर्यंत जायला आज दोघांनाही मनाई आहे, तरी ठरवला. दोघांनी मिळून कलम ३६ अ खाली तहसीलला अर्ज दिलाय. कोर्टातही लेखी जबाब दिलाय, की घेणारा बिगरआदिवासी आहे, परवानगी नाही, हा प्रश्न कलेक्टरनं ठरवायचा आहे. निकाल लागलेला नाही. खोटं सांगणार नाही, कधी लागेल ठाऊक नाही. पण मागच्या तारखेला तहसीलमध्ये वकील नव्हता, दलाल नव्हता. साहेबांनी विचारलं, "जमीन कोण कसायचं?" बाबा आयुष्यात पहिल्यांदा साहेबासमोर मान वर करून बोलले, "आम्ही दोघं भाऊ, साहेब. आधी आमचा बाप."

पुढच्या तारखेला वाडीवरून वीस माणसं येणार आहेत. तुमच्या वाडीचीही तारीख असेल. आम्हाला कळवा, आम्ही येतो.

कसेल त्याची जमीन! आदिवासी एकजुटीचा विजय असो!

— तुमचाच एक कार्यकर्ता, मुरबाड-शहापूर